आगकाड्यांची फिल्म

विंचूरच्या बाजार आवारात कांद्याचा ट्रॅक्टर रांगेत लावून मी मोबाइलवर एक जपानी फिल्म बघत होतो. तोशिओ मात्सुमोतोची 'आत्मन्', १९७५ सालची. गोष्ट नाही, संवाद नाहीत. राक्षसी मुखवटा घातलेली एक आकृती बसलीय आणि कॅमेरा तिच्याभोवती गरगरतोय. मात्सुमोतोने तिच्याभोवती ४८० जागा आखून घेतल्या आणि तिथून एकेक फ्रेम टिपली. बघता बघता भोवळ येते. शेजारच्या ट्रॅक्टरवरच्या काकांनी डोकावून विचारलं, "नेट गंडलं काय रे?"

एकेक फ्रेम टिपायचं हे वेड आपल्या जिल्ह्याला नवं नाही. त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र'च्या आधी, १९१२ साली, कुंडीत वाटाणा लावला आणि त्याची वाढ थोडी थोडी करत कॅमेऱ्यात घेतली. पडद्यावर तो रोप मिनिटभरात उगवून वर आला. ते बघूनच त्यांना सिनेमासाठी कर्ज मिळालं. शाळेत आपल्याला हरिश्चंद्र शिकवतात. मला तो वाटाणा जास्त भारी वाटतो.

आणि त्याहून भारी १९१५ची 'आगकाड्यांची मौज'. पहिलं महायुद्ध चालू होतं, परदेशी कच्च्या फिल्मची टंचाई होती, फाळके नाशकात होते. या फिल्ममध्ये नट नाहीत, देव नाहीत, नुसत्या आगकाड्या. काडी जराशी सरकवायची, एक फ्रेम घ्यायची, पुन्हा सरकवायची. फ्रान्समध्ये एमिल कोलने १९०८ साली काड्या नाचवल्या होत्याच, पण पौराणिक चित्रपटांचा बाप नुसत्या रेषांशी खेळत बसतो, यात मला खरी गंमत वाटते. फाळक्यांची ही फिल्म आज उरलेली नाही.

पुढे मुंबईत चित्रकार अकबर पदमसींनी रेषाच हलवल्या. 'सिझिजी', १९७०: ठिपके, त्यांना जोडत जाणाऱ्या रेषा, आणि आवाज शून्य. ती टिकली. त्यांच्याच 'इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर'ची मात्र एकच प्रत होती, ती हरवली. पदमसी नव्वदीकडे झुकल्यावर आशिम अहलुवालियांनी त्यांना गाठलं आणि त्या हरवलेल्या फिल्मवर, त्याच नावाने, २०१६ साली नवी फिल्म केली. फाळक्यांच्या काड्यांसाठी असं कोणाला गाठणार?

नंबर यायला वेळ होता, म्हणून काकांना हे सगळं सांगितलं. नाशिकची काडी म्हटल्यावर ते सरसावून बसले.

"मग दाखव की," म्हणाले.