दौगावा: जकात, तराफे आणि धरणे

रशियातील वल्दाई टेकड्यांच्या ज्या पाणथळ, अरण्यमय प्रदेशातून व्होल्गा कास्पियन समुद्राकडे आणि नीपर काळ्या समुद्राकडे निघते, तेथूनच दौगावा पश्चिमेची वाट धरते आणि रशिया, बेलारूस व लॅटव्हिया या तीन देशांतून सुमारे १०२० किलोमीटरांचा प्रवास करून रीगाच्या आखातात बाल्टिक समुद्राला मिळते. तीन समुद्रांकडे जाणाऱ्या पाण्यांचे हे सान्निध्य ध्यानात घेतले म्हणजे स्कँडिनेव्हियाचे वॅरेंजियन व्यापारी आपल्या हलक्या नावा या नदीने वर आणून, मधली जमीन त्या ओढत ओलांडून, नीपरमार्गे बायझँटियमपर्यंत कसे पोहोचत, याचे कोडे उरत नाही. याच वाटेवरील पोलोत्स्क नगराचा उल्लेख जुन्या रशियन बखरीत ८६२ या वर्षाखाली आढळतो.

१२०१ साली बिशप आल्बर्टने मुखाजवळ रीगा वसविली. धर्मप्रसार हा त्याचा प्रकट हेतू खराच. परंतु ज्याच्या ताब्यात मुख त्याच्याच ताब्यात वरच्या साऱ्या मुलखाची जकात, हे त्या धर्माधिकाऱ्याला कोणा व्यापाऱ्याइतकेच उमगले असावे. १२८२ मध्ये रीगा हॅन्सा या व्यापारी नगरसंघात सामील झाली, आणि परक्या व्यापाऱ्याने परक्याशी परस्पर सौदा करू नये, माल नगराच्या नागरिकामार्फतच फिरावा, असा दंडक तिने चालविला. पुढे १६२१ साली स्वीडनच्या गुस्ताव अडोल्फने पोलंडकडून आणि १७१० साली रशियाच्या पीटरच्या फौजांनी स्वीडनकडून हे नगर घेतले. तरी अंमल कोणाचाही असो, नदीवरून येणाऱ्या मालाचे महत्त्व कधी घटले नाही.

हा माल येई कसा, ही हकीकत मला राज्यकर्त्यांच्या यादीपेक्षा अधिक रसाळ वाटते. हिवाळाभर गोठलेली नदी वसंतात बर्फ फुटून फुगली, की वरच्या प्रदेशातील शेतकरी व सावकार जवसाचा आणि भांगेच्या झाडाचा वाख, धान्य व कातडी ‘स्त्रुगा’ नावाच्या प्रचंड सपाट होड्यांत भरून पुराच्या पाण्यावर सोडीत. पूर ओसरला की वाट बंद. मध्यभागी क्रुस्तपिल्स ते कोकनेसे या टप्प्यात पात्र खडकांवरून उसळत असल्यामुळे तेथील द्रुतवाह ओळखणारे वाटाडे घेतल्यावाचून कोणी पुढे जाण्याचे धाडस करीत नसे, आणि पुष्कळदा माल उतरवून जमिनीवरून न्यावा लागे. याच अडचणीवर पोसलेल्या नावाड्यांच्या वस्तीला कुर्लंडचा ड्यूक याकोब याने १६७० साली नगराची सनद दिली. तेच आजचे येकाबपिल्स. म्हणजे नदीने जेथे वाट अडविली तेथेच माणसांची उपजीविका उभी राहिली. स्त्रुगा मात्र परत वर जात नसत. रीगेस पोहोचल्यावर त्या मोडून त्यांचे लाकूडही विकले जाई.

लाकडाचे म्हणावे तर डोलकाठ्यांना लागणारे उंच, सरळ देवदारवर्गीय ओंडके तराफ्यांनी येत, आणि ते नगराचे शपथबद्ध परीक्षक तपासून प्रतवारी लावीत. त्यांच्या शिक्क्यामुळेच रीगेच्या डोलकाठीला डच व इंग्रज आरमारांत पत होती. दोरखंडांसाठी लागणाऱ्या वाखाकरिता इंग्रज आरमार रशियन बंदरांवर इतके विसंबून होते, की १८०७ च्या तिल्सित तहानंतर रशियाने इंग्लंडशी व्यापार तोडला तेव्हा हिंदुस्थानातील सणाच्या वाखाकडे इंग्रज सरकारचे लक्ष नव्याने वळले. येकाबपिल्सचा नावाडी आणि आपल्याकडील सण सोलणारा कुणबी यांची परस्परांस दादही नव्हती, तरी एकाच दोरखंडाची टोके त्यांच्या हाती येऊन गेली.

१८६१ साली रीगा–दौगावपिल्स लोहमार्ग सुरू झाला आणि होड्यांचा धंदा बसला. तराफे मात्र पुढेही वाहत राहिले. मग विजेचे दिवस आले. केगुम्स येथील वीजकेंद्र १९३९ मध्ये चालू झाले. सोव्हिएत अमलाखाली १९६५ साली प्लाविन्यासचे धरण उभे राहिले, तेव्हा वाटाड्यांचे द्रुतवाह आणि लोककथांत गाजलेला स्ताबुराग्स हा खडक जलाशयाखाली गेला. त्याविरुद्ध १९५८ मध्ये निषेधाचे सूर उठले होते, पण ऐकणारे कोणी नव्हते. १९७४ मध्ये रीगेजवळ तिसरे केंद्र चालू झाले.

चौथे धरण दौगावपिल्सजवळ योजले होते. ऑक्टोबर १९८६ मध्ये दाइनिस ईवान्स आणि आर्तुर्स स्निप्स यांनी ‘लितेरातूरा उन माक्स्ला’ या साप्ताहिकात त्या योजनेवर लेख लिहिला, वाचकांची पत्रे हजारोंनी आली, आणि १९८७ मध्ये मॉस्कोने प्रकल्प सोडून दिला. सरकारी फर्मानासमोर माघार घ्यायची लोकांची सवय तेथे मोडली, असे मला वाटते. पुढील वर्षीच स्थापन झालेल्या लॅटव्हियाच्या लोकमोर्चा या राजकीय चळवळीचे पहिले अध्यक्ष ईवान्सच झाले. दौगावपिल्सच्या वरच्या बाजूची वळणे त्यामुळे वाचली. परंतु खालच्या तीन जलाशयांतूनच आज लॅटव्हियाच्या विजेचा मोठा हिस्सा निघतो, आणि ती धरणे आता रिकामी करावीत, असे म्हणणारा तेथेही सहसा आढळत नाही.