अपुऱ्या औषधाचे उशिरा उमटणारे परिणाम : वैद्यकीय कोडिंगमधील एक दुर्लक्षित नोंद

औषध जास्त झाले तर विषबाधा होते, आणि तिची नोंद रुग्णालयात ताबडतोब होते. औषध कमी पडले तर मात्र काहीच घडल्यासारखे दिसत नाही. रक्तदाबाची गोळी सहा महिने बंद राहते, एके दिवशी मेंदूत रक्तस्राव होतो, रुग्ण वाचतो. पण उजवी बाजू लुळी पडते. दोन वर्षांनी तोच रुग्ण फिजिओथेरपीसाठी नागपुरात 'मेडिकल'ला किंवा 'मेयो'ला आला, तर त्याच्या केस पेपरवर 'जुना लकवा' एवढेच लिहिलेले आढळण्याची शक्यता अधिक. लकव्यामागे न घेतलेली गोळी होती, हे कागदावर कुठे लिहावे, असा प्रश्न त्यातून उभा राहतो.

रोगनिदानाला ठराविक अक्षर-अंकांचा संकेत देणे म्हणजे वैद्यकीय कोडिंग. त्यासाठी जागतिक आरोग्य संघटनेचे 'आयसीडी' हे वर्गीकरण जगभर वापरले जाते. त्याची दहावी आवृत्ती १९९० मध्ये संमत झाली. अमेरिकेने तिच्यात बरीच भर घालून 'आयसीडी-१०-सीएम' ही स्वतःची आवृत्ती तयार केली आणि ती १ ऑक्टोबर २०१५ पासून अमलात आणली. भारतातील अनेक शहरांत बसून तरुण मंडळी अमेरिकी रुग्णालयांचे कोडिंग करतात आणि त्यासाठीचे अभ्यासक्रम नागपुरातही चालतात. त्यामुळे एकाच शहरात दोन पद्धती नांदतात : परदेशी रुग्णांसाठी अमेरिकी आवृत्ती आणि येथील रुग्णांसाठी मूळ आवृत्ती. अपुऱ्या मात्रेच्या बाबतीत या दोहोंत मोठे अंतर आहे.

अमेरिकी आवृत्तीत औषधांसंबंधीचे संकेत 'टी३६' ते 'टी५०' या गटात येतात. त्यांतील सहावे (काही ठिकाणी पाचवे) स्थान घटनेचे स्वरूप सांगते. १ म्हणजे अपघाताने विषबाधा, २ म्हणजे स्वतःला इजा करण्याच्या हेतूने, ५ म्हणजे योग्य मात्रेतही झालेला दुष्परिणाम आणि ६ म्हणजे 'अंडरडोझिंग', अर्थात अपुरी मात्रा. आधीच्या नवव्या आवृत्तीत अपुऱ्या मात्रेला असे स्थानच नव्हते. सातवे अक्षर काळ दर्शवते : सक्रिय उपचार चालू असताना 'ए', त्यानंतर बरे होण्याच्या काळात 'डी' आणि मूळ प्रसंग संपून मागे उरलेल्या परिणामासाठी 'एस'. हा 'एस' 'सिक्वेला' या शब्दातील होय. मराठीत त्याला 'उत्तरपरिणाम' म्हणता येईल. उत्तरपरिणामाला कालमर्यादा नाही. घटनेनंतर तीन महिन्यांनी किंवा दहा वर्षांनीही तो नोंदवता येतो.

वरील रुग्ण उजव्या हाताचा होता आणि अम्लोडिपिन घेत होता असे धरले, तर त्याची नोंद अशी होईल. प्रथम आजची अवस्था, म्हणजे मेंदूतील रक्तस्रावानंतर प्रमुख असलेल्या उजव्या बाजूचा अर्धांगवायू : 'आय६९.१५१'. त्यानंतर कॅल्शियम चॅनेल ब्लॉकर गटातील औषधाची अपुरी मात्रा, उत्तरपरिणाम : 'टी४६.१एक्स६एस'. या संकेतातील 'एक्स' केवळ रिकामी जागा भरण्यासाठी आहे. तिसरा संकेत कारणाचा. पैशाअभावी गोळी मुद्दाम बंद केली असेल तर 'झेड९१.१२०', अन्य कारणाने मुद्दाम सोडली असेल तर 'झेड९१.१२८', वार्धक्यातील दुर्बलतेमुळे नकळत राहून गेली असेल तर 'झेड९१.१३०'. 'बरे वाटू लागले म्हणून सोडली' हे आपल्याकडे घरोघरी ऐकू येणारे उत्तर यांपैकी दुसऱ्या प्रकारात बसते. डॉक्टरांनी न सांगता रुग्णाने आपल्या मनाने औषध थांबवणे हीसुद्धा अपुरी मात्राच मानली जाते.

क्रमाबाबत नियम कडक आहे. अपुऱ्या मात्रेचा संकेत कधीही पहिला येत नाही. रुग्ण ज्या त्रासासाठी आला आहे तो त्रास आधी लिहायचा. नवख्या कोडरची चूक बहुधा इथेच होते. त्याहून गंभीर चूक म्हणजे कार्यकारणसंबंध स्वतःच जोडणे. केस पेपरवर एके ठिकाणी 'गोळ्या अनियमित' आणि दुसऱ्या ठिकाणी 'लकवा' असे लिहिलेले असले, तरी एकामुळे दुसरे झाले हे डॉक्टरांनी नमूद केले पाहिजे. नसेल तर कोडरने त्यांना विचारावे. तर्क लढवू नये.

'अपुरी' म्हणजे कशाच्या तुलनेत अपुरी? विदर्भातील सिकलसेलच्या उदाहरणावरून हे चांगले समजते. या आजारात हायड्रॉक्सियुरिया हे औषध वेदनांचे झटके कमी करते. पाश्चात्त्य देशांत ते सामान्यतः शरीराच्या वजनाच्या दर किलोमागे १५ ते २० मिलिग्रॅमपासून सुरू करून वाढवत नेतात. नागपूरच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयातील डॉ. दीप्ती जैन व सहकाऱ्यांनी तीव्र आजार असलेल्या मुलांना दर किलोमागे १० मिलिग्रॅम एवढी ठराविक कमी मात्रा देऊन अभ्यास केला. तो २०१२ मध्ये प्रसिद्ध झाला आणि ती मात्राही उपयोगी ठरल्याचे त्यातून दिसले. अमेरिकी पुस्तकाशी ताडून पाहणाऱ्या कोडरला ही मात्रा अपुरी वाटेल. पण नियमानुसार तुलना करायची ती डॉक्टरांनी लिहून दिलेल्या किंवा उत्पादकाच्या सूचनेतील मात्रेशी. डॉक्टरांनी विचारपूर्वक १० लिहिले आणि मुलाने १० घेतले, तर ते अंडरडोझिंग नव्हे. दहा लिहिले असताना कॅप्सूल संपल्या, तालुक्याच्या ठिकाणी जाणे जमले नाही आणि महिनाभर खंड पडला, तर ते आहे. इथे औषध देणारे पालक असतात, मूल नव्हे. अमेरिकी आवृत्तीने काळजीवाहकाकडून झालेल्या अशा खंडासाठी ऑक्टोबर २०२२ पासून वेगळे संकेत दिले, हे योग्यच झाले. एरवी दोष मुलाच्या नावावर चढत असे.

आता येथील रुग्णालयांकडे वळू. भारतात वापरली जाणारी जागतिक आरोग्य संघटनेची दहावी आवृत्ती 'टी३६' ते 'टी५०' या गटात विषबाधेला जागा देते, अपुऱ्या मात्रेला देत नाही. त्यामुळे आपल्या रुग्णाला रक्तस्रावाच्या उत्तरपरिणामासाठी 'आय६९.१', अर्धांगवायूसाठी 'जी८१' आणि फार तर उपचार न पाळल्याच्या पूर्वेतिहासासाठी 'झेड९१.१' एवढेच मिळते. कोणते औषध, ते पैशाअभावी सुटले की विसरल्यामुळे, हे तेथे उमटत नाही. 'वाय६३.६' हा संकेत आवश्यक औषध न दिल्याचा आहे खरा. परंतु तो वैद्यकीय सेवेतील चुकीच्या गटात येतो. घरी राहून गेलेल्या गोळीसाठी तो वापरणे रुग्णालयावर अन्याय करणारे ठरेल. दारिद्र्य आणि अल्प उत्पन्न यांना 'झेड५९'मध्ये स्वतंत्र संकेत आहेत. तेवढे जोडले तरी कारणाचा माग राहू शकतो, पण त्यासाठी गोळी का थांबली हे कुणीतरी रुग्णाला विचारून लिहून ठेवायला हवे.

अकराव्या आवृत्तीत, जी १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली, अपुरी मात्रा ही हानी घडण्याची एक पद्धत म्हणून मांडलेली आहे आणि ती मूळ निदानाला जोडता येते. म्हणजे आज फक्त अमेरिकी आवृत्तीत असलेली सोय जागतिक पातळीवर आली आहे.

विमाधारक वाचकांच्या मनात एक शंका येईल. आरोग्य विम्याच्या दाव्यासाठी रुग्णालयाने भरावयाच्या अर्जात आयसीडी-१० संकेतांचे रकाने असतात; तेथे 'उपचार न पाळणारा' अशी नोंद गेली तर दावा अडेल का, अशी भीती वाटून काही रुग्ण औषध सोडल्याचे सांगतच नाहीत. वास्तविक हा संकेत निदानाला पूरक माहिती देतो. तो दोषारोप नाही. रुग्णाने मात्र डॉक्टरांना औषध किती दिवस आणि कशामुळे बंद होते हे नेमके सांगावे, आणि डिस्चार्ज कार्डावर तसे लिहिले आहे का, हे घरी जाण्यापूर्वी वाचून पाहावे. पुढच्या डॉक्टरला 'गोळी चालू असूनही रक्तस्राव झाला' असे वाटले, तर तो नाहक मात्रा वाढवण्याचा संभव असतो.