उताराचं पाणी

आमच्या इमारतीत लाईट गेले की तासाभरात कुणीतरी दार वाजवतं, "काकू, पिंपात पाणी आहे का हो?" तळातली टाकी काठोकाठ भरलेली असते, पण मोटार बंद, म्हणून चौथ्या मजल्यावर नळाला थेंब नाही. मला मग पुण्याच्या शुक्रवार पेठेतला आमच्या वाड्याचा हौद आठवतो.

त्यात कात्रजचं पाणी यायचं. नानासाहेब पेशव्यांनी १७५० च्या सुमारास कात्रजला बांध घातला आणि जमिनीखालच्या नळातून पाणी थेट शनिवारवाड्यापर्यंत आणलं. कात्रज उंचावर, शहर खाली. सगळा कारभार उताराचा. वाटेत ठिकठिकाणी उच्छ्वास बांधले. नळात कोंडलेली हवा त्यातून निघून जायची आणि गाळ उपसायला माणूसही तिथूनच आत उतरायचा. काळा हौद, बाहुलीचा हौद, फडके हौद ही त्या पाण्यावर भरणारी ठिकाणं.

त्या पाण्यावर सगळ्यांचा हक्क मात्र नव्हता. अस्पृश्यांना गावच्या हौदांवर मज्जाव होता. जोतीराव फुल्यांनी १८६८ साली आपल्या घरचा हौद त्यांना खुला केला. पुण्याच्या पाण्याच्या इतिहासात मी ही गोष्ट पेशव्यांच्या नळापेक्षा मोठी मानते.

१२ जुलै १९६१ ला पानशेत धरण फुटलं, खडकवासल्याची भिंतही गेली. नदीकाठच्या पेठा बुडाल्या, वीज गेली, नळ कोरडे पडले. मी नऊ वर्षांची होते. आमच्या वाड्यापर्यंत पूर आला नव्हता. संध्याकाळी आईनं हौदाच्या कठड्यावर कंदील ठेवला, पदर खोचला आणि येईल त्याला पाणी काढून दिलं. कळशी आडवी धरून आधी वरचा पाला बाजूला सारायचा, मग ती बुडवायची. बुडबुड थांबली की भरली. अंधारात आईला तेवढा आवाज पुरायचा. कुणाच्या कडेवर पोर, कुणाच्या हातात नुसता तांब्या. ती कुणालाही जात-पात विचारत नव्हती, हे मला पक्कं आठवतं.

पुढे वाडा पडला, इमारत आली. हौदात राडारोडा भरून वर फरशी घातली. आता तिथं गाड्या उभ्या असतात.

तुमच्या आवारात जुना हौद किंवा विहीर असेल, तर ती बुजवू देऊ नका. गाळ काढा, वर जाळी बसवा, आणि एक दोर नि पोहरा जवळ ठेवा.