फुगवलेला माणूस : झाग्रेबचा ‘सुरोगात’ (१९६१)

९ एप्रिल १९६२. ऑस्कर सोहळ्यात लघु व्यंगचित्रपटांच्या गटात पाच नामांकने होती. वॉर्नर ब्रदर्सची तीन, डिस्नेचे एक, आणि पाचवे युगोस्लाव्हियातील झाग्रेब शहराचे. पुरस्कार या पाचव्याला मिळाला. या गटात अमेरिकेबाहेरील चित्रपट विजयी होण्याची ती पहिलीच वेळ. दिग्दर्शक होते दुशान वुकोतिच आणि चित्रपटाचे नाव ‘सुरोगात’, म्हणजे अस्सल वस्तूच्या जागी वापरलेली बदली वस्तू. युद्धकाळात कॉफी म्हणून चिकोरीचा काढा प्यायलेल्या युरोपीय पिढीला ही कल्पना समजावून सांगण्याची गरज नव्हती.

सुमारे दहा मिनिटांच्या या चित्रपटात एकही संवाद नाही. एक स्थूल गृहस्थ समुद्रकिनाऱ्यावर सुट्टी घालवायला येतो. त्याच्याजवळ रंगीत, चपटे तुकडे आहेत. हवा भरली की त्यांतून तंबू, होडी, अगदी खाण्याचे पदार्थही तयार होतात. शेवटी तो एक स्त्रीसुद्धा फुगवतो. तिच्यापुढे रुबाब दाखवण्याची त्याची धडपड सुरू होते. पण ती एका बलदंड पुरुषाकडे झुकते आणि आपल्या नायकाचे तोंड पडते. ‘बडा घर पोकळ वासा’ ही म्हण इथे अक्षरशः खरी ठरते. (स्त्रीलाही वस्तूंच्या रांगेत बसवणारा हा विनोद ज्या वृत्तीची थट्टा करतो, तिच्यातून स्वतः पुरता सुटलेला नाही, हेही नमूद करायला हवे.)

ही थट्टा कोणाची होती? १९४८ मध्ये स्टालिनशी फारकत झाल्यावर युगोस्लाव्हिया हळूहळू पश्चिमेकडे खुला झाला. १९५५ पासून क्रागुयेवात्सच्या कारखान्यात फियाटच्या परवान्याने मोटारी तयार होऊ लागल्या. एड्रियाटिकच्या किनाऱ्यावरील सुट्टी, दारात मोटार ही नव्या मध्यमवर्गाची स्वप्ने होती. समाजवादी घोषणांच्या छायेतच दिखाऊपणाही वाढत होता.

या चित्रपटाची शैलीसुद्धा टंचाईतून आलेली आहे. १९५१ मध्ये झाग्रेबात ‘दुगा फिल्म’ ही संस्था डिस्नेच्या धर्तीवर काम करू लागली आणि पैशाअभावी पुढल्याच वर्षी बंद पडली. त्यानंतर वुकोतिच आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी लहान जाहिरातपट केले. मोजकी चित्रे, सपाट रंग, भौमितिक आकृत्या : कमी खर्चाची ही रीत तिथे मुरली. अमेरिकेतील यूपीए या स्टुडिओचे उदाहरण डोळ्यांपुढे होतेच. पुढे झाग्रेब फिल्म या संस्थेत तिला इतके तेज आले की फ्रेंच समीक्षक जॉर्ज सादूल यांनी तिला ‘झाग्रेब स्कूल’ हे नाव दिले. म्हणजे वस्तू खपवताना कमावलेले कसब वस्तूंच्या हव्यासाला हसण्यासाठी वापरले गेले! आणि योगायोग पाहा : त्या वर्षी डिस्नेचे जे नामांकन होते, त्या ‘अ‍ॅक्वामेनिया’त गूफी नवी बोट घेऊन पाण्यावर मजा करायला निघतो.

संवाद नसण्याचे कारण पुष्कळदा व्यवहारी सांगितले जाते. अनेक भाषा आणि दोन लिप्या असलेल्या देशात मूक चित्रपट सर्वत्र चालतो, परदेशीही जातो. हे खरेच आहे. मला मात्र दुसरे कारण अधिक महत्त्वाचे वाटते. फजिती झालेला माणूस बोलू शकला, तर लगेच सबब सांगतो, विषय बदलतो, दुसऱ्याला दोष देतो. वुकोतिच यांनी नायकाची ती पळवाटच बंद केली. त्याच्याजवळ उरतो फक्त देह, आणि तो खाली पडलेला चेहरा लपवू शकत नाही.

देहाचीही खात्री नाही म्हणा. आवराआवर करून गृहस्थ मोटारीतून परत निघतो. रस्त्यात एक खिळा पडलेला असतो. मोटारीची हवा जाते, आणि तिच्यापाठोपाठ त्याचीही.