उजवा की डावा?

रोगांच्या आकड्यांची गोष्ट सुरू होते ती मेलेल्यांपासून! १८९३ साली शिकागोत मांडलेली बर्टिलॉनची यादी फक्त मृत्यूच्या कारणांची. जिवंतांचे आजार त्यात आले १९४८ च्या सहाव्या आवृत्तीत. तरी अमेरिकेत २०१५ पर्यंत ऑपरेशननंतरच्या रक्तस्रावाला ९९८.११ हाच कोड चालायचा, पोट असो की डोळा. १ ऑक्टोबर २०१५ ला तिथे दहावी आवृत्ती लागू झाली नि डोळ्याला स्वतःचा कोड मिळाला. एच५९.३११ उजवा, एच५९.३१२ डावा. (ऑपरेशन चालू असतानाच रक्त आलं तर कोड वेगळा.) मला कौतुक या उजव्या-डाव्याचं. आमच्या भंडाऱ्यात आजीचा मोतीबिंदू काढला, डोळ्यात रक्त उतरलं, नजर गेली. कागद एकही नाही. कुठला डोळा, यावर काका आणि आत्या अजून भांडतात.