लुगोशचा लुगोशी

आपल्याकडे गावाच्या नावापुढे ‘कर’ लावले की आडनाव तयार होते. हंगेरीतही अशीच एक रीत आहे. तेथे गावाच्या नावाला ‘इ’ जोडतात. लुगोश गावी १८८२ साली जन्मलेला बेला ब्लास्को रंगभूमीवर आला आणि बेला लुगोशी झाला. लुगोशकरच म्हणा ना! पुढे १९२० च्या तहाने लुगोश रुमानियात गेले. गाव परके झाले, आडनाव तेवढे राहिले.

लुगोशीने शाळा लवकर सोडली. गावोगावच्या नाटक मंडळ्यांत तो तयार झाला आणि १९१३ साली बुडापेस्टच्या राष्ट्रीय नाट्यगृहात दाखल झाला. तेथे वाट्याला आल्या त्या बहुतेक लहानसहान भूमिका. मध्येच महायुद्ध आले. पायदळात अधिकारी म्हणून लढताना तो जखमी झाला. परत आल्यावर, १९१७ पासून, तो मूकपटांत दिसू लागला. काही चित्रांत तर ‘आरिस्टिड ओल्ट’ या नावाने.

श्रोतेहो, याच्या आयुष्याला कलाटणी मिळाली ती मात्र रंगमंचाबाहेर. १९१८-१९ च्या क्रांतीच्या काळात त्याने नटांची संघटना उभारण्यात पुढाकार घेतला. नट हाही राबणारा माणूस, त्यालाही हक्क हवेत, असे त्याचे म्हणणे. मार्च १९१९ मध्ये आलेले बेला कूनचे साम्यवादी सरकार ऑगस्टच्या आरंभी कोसळले, आणि अशा माणसांवर संक्रांत आली. लुगोशी व्हिएन्नामार्गे बर्लिनला पळाला. हंगेरीत तो पुन्हा कधी परतला नाही.

आता पाहा, गवयाचा कंठ जावा तशी नटाची भाषा गेली! पण मूकपटाला भाषा कुठे लागते? १९२० साली जर्मन दिग्दर्शक मुर्नाऊ याच्या चित्रात त्याला काम मिळाले, आणि १९२३ साली अमेरिकन मूकपटातही. नाटकाचे काम मात्र अवघड. १९२२ साली न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर त्याने इंग्रजी भूमिका केली, ती शब्दांचे नुसते उच्चार घोकून!

१९२७ साली ‘ड्रॅक्युला’ नाटकाने त्याला नाव दिले. न्यूयॉर्कमध्ये त्याचे २६१ प्रयोग झाले, आणि १९३१ साली बोलपट निघाला. त्याचे ते सावकाश, हंगेरियन वळणाचे इंग्रजी ऐकून प्रेक्षक थरारले. परंतु त्याच उच्चारांमुळे पुढे त्याला भुताखेतांच्या आणि खलपुरुषांच्या भूमिकांपलीकडे फारसे कोणी विचारीना. मूकपटाने जे झाकले होते, ते बोलपटाने उघड केले. कीर्तीही त्यानेच दिली आणि बेडीही त्यानेच घातली.

१९५६ साली लॉस एंजेलिसला तो वारला. ड्रॅक्युलाच्या झग्यासह त्याचे दफन झाले. जगाला तो झगा आठवतो. आपण आणखी एक गोष्ट आठवावी. हॉलिवूडमध्ये १९३३ साली चित्रपट-नटांचा संघ स्थापन झाला, तेव्हा सुरुवातीच्या सभासदांत हा लुगोशकर होता. ज्या संघटनेपायी देश सुटला, तिच्यावरची त्याची श्रद्धा सुटली नव्हती.