खोडदच्या जाळीत सापडलेला वाकडा प्रकाश

प्रकाश सरळ रेषेत जातो आणि त्रिकोणाच्या तीन कोनांची बेरीज १८० अंश होते, या दोन गोष्टी आपण शाळेत घोकलेल्या असतात. १९१५ साली आइन्स्टाइनने दोन्हींना धक्का दिला. वस्तुमानाजवळ अवकाशच वक्र होतं. प्रकाश आपल्या परीने सरळच जातो, पण ती वाट आपल्याला वाकलेली दिसते. २९ मे १९१९च्या खग्रास ग्रहणात सूर्याजवळचे तारे जागचे किंचित सरकलेले आढळले. किती? एका अंशाचे सुमारे दोन हजार भाग केले तर त्यातला एक.

मराठीत ही भूमिती गोष्टीतूनही आली. विष्णु वासुदेव नारळीकर बनारसला सापेक्षतेवर संशोधन करत होते. त्यांचे पुत्र जयंत यांनी १९७४मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेत 'नारायण विनायक जगताप' या टोपणनावाने 'कृष्णविवर' ही कथा पाठवली आणि पहिलं बक्षीस मिळवलं. प्रकाशही जिथून सुटत नाही, अशा जागेची ती गोष्ट. तेव्हा ही सगळी कल्पनेची भरारी वाटली असेल, तर नवल नाही.

पण तोच वाकडा प्रकाश पुढे जुन्नर तालुक्यात सापडला. गोविंद स्वरूप यांनी उटीची रेडिओ दुर्बीण उभारल्यावर आणखी मोठ्या दुर्बिणीसाठी नारायणगावजवळचं खोडद निवडलं. भोवती डोंगरांचा आडोसा, मोठ्या शहरांचा गोंगाट लांब, आणि पुणे तरीही हाताशी. तिथे ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्या उभ्या राहिल्या. त्यातल्या १४ मध्यभागी साधारण एक किलोमीटरच्या चौकात आहेत, बाकीच्या इंग्रजी 'वाय'च्या आकारात सुमारे २५ किलोमीटरच्या टापूत पसरल्या आहेत. तबकड्यांचा पृष्ठभाग पत्र्याचा नाही, दोरखंडांवर ताणलेल्या बारीक तारेच्या जाळीचा आहे. रेडिओलहरी हाही प्रकाशच, फक्त डोळ्यांना न दिसणारा. त्यांची लांबी जाळीच्या भोकांपेक्षा कितीतरी जास्त असल्यामुळे त्यांच्या लेखी ही चाळण म्हणजे अखंड आरसा. वारा मात्र आरपार जातो. त्यामुळे सांगाडा हलका राहिला आणि खर्च आवाक्यात आला.

जानेवारी २०२३मध्ये या दुर्बिणीचा एक निष्कर्ष जाहीर झाला. ८८० कोटी वर्षांपूर्वी एका दीर्घिकेतल्या हायड्रोजनमधून निघालेल्या लहरी तिने टिपल्या होत्या. निघताना २१ सेंटीमीटर लांबीची लहर विश्वाच्या प्रसरणामुळे ताणत इथे पोचेपर्यंत ४८ सेंटीमीटर झाली होती. एवढ्या लांबचा क्षीण संकेत एरवी हाती लागलाच नसता. पण वाटेत दुसरी दीर्घिका आडवी आली. तिच्या वस्तुमानाने अवकाश वाकवलं आणि भिंगासारखं काम करून संकेत सुमारे ३० पट वाढवला. ग्रहणाच्या वेळी जे वाकणं मोजायलाच मुश्कील होतं, तेच आता अवजार झालं.

या अवजाराची किंमत मात्र जमिनीवर मोजावी लागते. मोबाइल मनोरा, कारखाना, विजेची ठिणगी, काहीही त्या क्षीण लहरीला सहज बुडवू शकतं. पुणे-नाशिक जलद रेल्वेचा नारायणगावजवळून आखलेला मार्ग दुर्बिणीला व्यत्यय येईल म्हणून बदलायचं ठरलं, तेव्हा जुन्नर-आंबेगावात नाराजी उमटली. ती समजण्यासारखी आहे. टोमॅटो आणि कांदा पिकवणाऱ्या माणसाला बाजार जवळ हवा असतो. ८८० कोटी वर्षांपूर्वीच्या हायड्रोजनने त्याचं भाडं वाचत नाही.

दरवर्षी २८ फेब्रुवारीला, विज्ञान दिनी, खोडदला प्रदर्शन भरतं आणि शाळाशाळांतली पोरं गर्दी करतात. दुर्बिणीचं गावाशी असलेलं ते नातं मोलाचंच आहे, पण वर्षातले एकदोन दिवस पुरेसे नाहीत. शांतता सगळ्या जगाच्या ज्ञानासाठी हवी असेल, तर तिचा भार दोन तालुक्यांनीच का उचलावा, याचं उत्तर सरकारने द्यायला हवं. प्रकाशाच्या वाटेत काही आडवं आलं तर तो वळसा घेऊन पोचतो. इथल्या शेतमालालाही तशी वाट काढून द्यावी लागेल.